आपली गाडी

प्रल्हाद चहा पिताना मान डावीकडे कलती करतो आणि बशीतला घोट तोंडाच्या त्या एकाच कोपऱ्यातून ओढतो, हे मी आज पहिल्यांदा पाहिलं. त्याची उजवी बाजू निकामी आहे. ती मी केली. अठरा वर्षांपूर्वी, राज्यदीप वाहिनीच्या टेपांच्या खोलीत, बाहेर दुपारच्या बातम्या चालू असताना, कडक खोक्यासकट एक टेप उचलून मी त्याच्या जबड्यावर हाणली होती. एकदा नाही, तीनदा. तिसऱ्या वेळी आवाज वेगळा आला. त्यानंतर हा माणूस कसा जेवतो, कसा चूळ भरतो, याचा विचार माझ्या डोक्यात कधी आला नाही. आपण ज्याला मारतो त्याच्या जेवणाची चौकशी कोण करतो? आज बोळिंजमधल्या त्याच्या चौथ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये समोरासमोर बसलो आणि त्याच्या सदऱ्यावर चहाचा थेंब टपकन पडला. दया आली असं म्हटलं तर बरं दिसेल, पण खरं सांगतो, राग आला. शिडीवरून पडलो असं दवाखान्यात सांगून हा गप्प बसला, आणि अठरा वर्षं असा सांडत सांडत चहा पीत राहिला, याचा राग. त्याची बायको आशालता बिस्किटं घेऊन आली. प्रल्हादची आधीच दुधात भिजवलेली होती. माझी कोरडी होती, आणि तिने ती माझ्यासमोर ठेवली नाहीत, टेबलाच्या कडेला ठेवली.

मी काम घेऊन आलो होतो. राज्यदीप सरकारची वाहिनी. मनोरा सरकारचा, इमारत सरकारची, आम्ही नोकरही सरकारचे. मी तिथे पहिल्या दिवसापासून टेपा सांभाळायला होतो आणि प्रल्हाद माझ्या हाताखाली. दोन हजार चार साली ती वाहिनी वीस वर्षांच्या कराराने एका खासगी कंपनीला चालवायला दिली. आमच्यात म्हणायचे, लग्न सरकारशी आणि संसार कंपनीशी. नाव तेच ठेवलं, पडद्याच्या कोपऱ्यातली पणती तीच ठेवली, गाड्यांवरचा पिवळा पट्टासुद्धा तोच ठेवला, कारण त्या नावावर लोकांचा पंधरा वर्षांचा विश्वास होता आणि तो कंपनीला आयता मिळत होता. यंदा करार संपला, सरकारने वाहिनी परत घेतली, कपाटं उघडली, तर आत पुष्कळ जुनं चित्रण गायब. म्हणून चौकशी समिती नेमली. वरातीमागून घोडं, पण मला ते घोडं हवंच होतं. उद्या मुंबईत त्या समितीपुढे माझी साक्ष आहे. मी सांगणार होतो की दोन हजार सहाच्या मे महिन्यात, मी राखून ठेवायला निवडलेल्या पावणेतीनशे टेपा कंपनीने ठरवून पुसल्या. नेमक्या त्याच. शेजारच्या टेपेला धक्काही नाही. हाच माझा पुरावा होता आणि तो मी अठरा वर्षं वकिलांना, पेपरवाल्यांना, फादरना, ज्याने कान दिला त्याला सांगत आलो होतो. त्यांतली एक टेप चार हजार एकशे सतरा क्रमांकाची. चार मिनिटं अकरा सेकंदांची. माझा धाकटा भाऊ ॲल्रॉय कसा मेला ते त्या टेपेत होतं. टेपा यंत्रात घालून पुसल्या त्या प्रल्हादच्या हातांनी. त्याने फक्त एवढं म्हणायला हवं होतं, की मला वरून सांगितलं होतं ह्याच पुस म्हणून. मग ॲल्रॉयची बंद पडलेली केस पुन्हा उभी राहिली असती. त्याची बायको लविना त्या एका वाक्यासाठी इतकी वर्षं थांबली आहे.

कंपनी आली तेव्हा पहिल्या आठवड्यात सुतार आले आणि त्यांनी बातम्यांचं जुनं सागवानी टेबल घणाने फोडलं. खिळे काढून नीट सुटं करता आलं असतं. पण नवा मॅनेजर हर्षवर्धन म्हणाला, वेळ नाही, तोडा. मी दारात उभा राहून बघत होतो, आणि लाकूड फुटताना आत कुठेतरी मजा वाटत होती हेही कबूल करतो. वाडीवाल्यांसाठी भाजीपाल्याच्या रोगांचा कार्यक्रम होता, तो गेला. त्याच्या जागी खुनांची नाट्यरूपांतरं आली. जूचंद्रच्या मिठागरात त्यांचं चित्रीकरण चालायचं. बिटाच्या रसाचं रक्त पांढऱ्या मिठावर फार छान दिसतं, असं दिग्दर्शक म्हणायचा. एकदा मार खाणारा नट आला नाही म्हणून मिठागराच्या रखवालदारालाच उभं केलं आणि काठ्या खऱ्या लागल्या. तो ओरडला तो ओरडा इतका चांगला होता की पुढे वर्षभर तोच आवाज दुसऱ्या खुनांना जोडत होते. मी त्या टेपेवर चिठ्ठी लावली होती : 'ओरडा, पुरुष, उत्तम.' माझ्याच अक्षरात. बातम्यांच्या टेबलावर नवा नियम झाला होता, मारामारी असेल तर गाडी पाठवा, भाषण असेल तर नको. आणि गावोगावचे लोक त्या गाडीला अजून सरकारी समजून वाट द्यायचे, नारळपाणी पाजायचे. कुंपणच शेत खायला लागलं होतं आणि शेताला ठाऊक नव्हतं.

प्रल्हादला मी हे सगळं पुन्हा सांगितलं नाही, त्याला ते माझ्याइतकंच माहीत. मी फक्त म्हटलं की उद्या माझ्याबरोबर चल, आणि एक वाक्य बोल. त्याने बशी खाली ठेवली. मग शब्द एकेक करून त्या चांगल्या कोपऱ्याकडे ढकलत म्हणाला, "खोटं कसं सांगू, साहेब? पुसायच्या टेपा काढा, एवढंच वरून आलं होतं. कुठल्या, ते कुणी नाही सांगितलं. मॅनेजर म्हणाले, निवड मार्सेलसाहेबांनी केलीय, बघून घ्या. तुम्ही रजेवर. मी बघितलं. फुल्या होत्या त्या घेतल्या."

मी विचारलं, कसल्या फुल्या. तो म्हणाला, लाल पेन्सिलीच्या, तुमच्या. मला हसू आलं. मी म्हटलं, अरे, तो क्रूस होता. राखून ठेवण्याचा शिक्का कंपनीने काढून घेतला होता, म्हणून मी प्रत्येक टेपेच्या पाठीवर क्रूस काढला होता. माझी आई आग्नेस तांदळाच्या कणगीवर काढायची, नव्या माठावर काढायची, आम्ही परीक्षेला निघालो की अंगठ्याने कपाळावर काढायची. आमच्या घरात क्रूस म्हणजे देवा, हे सांभाळ. सांभाळायच्या वस्तूवर माणूस दुसरं काय काढणार? प्रल्हाद म्हणाला, आमच्याकडे त्याला फुलीच म्हणतात, आणि ऑफिसच्या यादीत फुली म्हणजे रद्द. मी म्हटलं, क्रूस उभा असतो, फुली तिरकी असते, एवढं तुला दिसलं नाही? तेव्हा त्याने टेबलावरचं वर्तमानपत्र माझ्यापुढे सरकवलं आणि खिशातलं पेन काढून दिलं. मी समासात क्रूस काढला. तो तिरका आला. दुसरा काढला. तोही डावीकडे पडला. माझा हातच तसा आहे, अक्षरही तसंच पडकं आहे, शाळेत त्यासाठी छड्या खाल्ल्या आहेत. पाच-सहा काढले. वर्तमानपत्राच्या कडेला फुल्यांची रांग लागली.

मी म्हटलं, मग तेव्हाच का नाही सांगितलंस? "जबडा तारेनं बांधला होता, साहेब. सहा आठवडे," प्रल्हाद म्हणाला. "सोडला तोवर तुम्ही पेपरात आला होतात. आणि तुमचा भाऊ गेलेला." एवढंच. त्यात टोमणा नव्हता, म्हणूनच मला तो सहन झाला नाही. मी उठलो कधी आणि माझा उजवा हात खांद्याच्या वर गेला कधी, मला कळलं नाही. हाताला सवय असते. प्रल्हाद खुर्चीतून हलला नाही, फक्त त्याने डोळे मिटले आणि मान थोडी वळवली, मोडकी बाजू माझ्याकडे करून. जणू तिथे आता आणखी काय मोडणार आहे. स्वयंपाकघराच्या दारातून आशालता म्हणाली, "मारा ना. दुसरी बाजू अजून चांगली आहे." आवाज चढवला नव्हता. मी हात खाली घेतला. मला त्या क्षणी त्या हाताने काहीतरी फोडायचंच होतं. बशी, काच, माझं स्वतःचं तोंड, काहीही. मी चपला घातल्या. चुकीच्या पायांत घातल्या हे दोन जिने उतरल्यावर लक्षात आलं.

स्कूटर काढली आणि उमराळ्याच्या रस्त्याला लागलो. भर दुपार होती. एका रिक्षावाल्याने आडवी रिक्षा घातली तेव्हा मी थांबून त्याला खाली ओढावं, त्याचं डोकं त्याच्याच मीटरवर आपटावं, असं अगदी तपशीलवार मनात आलं, कुठल्या हाताने कॉलर धरायची इथपर्यंत. मग मी त्याला वाट दिली. निर्मळच्या तळ्याशी थांबून पाणी प्यायलो. पावणेतीनशे टेपा. वसईच्या शाळांची नाटकं, वारलेल्या म्हाताऱ्यांच्या मुलाखती, वाडीतली गाणी, सगळं मी माझ्या हाताने मारलं आणि वर एका गरिबाचा जबडा मोडला. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. पण हे अजून वरवरचं होतं. खाली दुसरं काहीतरी होतं आणि मी त्याच्याकडे न बघता स्कूटर चालवत होतो. पंधरा वर्षं मी सरकारी याद्या केल्या. फुली म्हणजे रद्द, हे मला माहीत नव्हतं? मीच तर प्रल्हादला शिकवलं होतं. बाकीच्या टेपांवर मी भराभर खुणा करत गेलो, पण चार हजार एकशे सतरावर? तिथे मी शिडीवर बराच वेळ उभा होतो, पेन्सिल टेकवून. त्या आधीचा महिनाभर टेप माझ्या ताब्यात होती. दुसरी प्रत काढायला अर्धा तास लागला असता. मी काढली नाही. वकील म्हणाला होता योग्य वेळी कोर्टात मागून घेऊ, आणि मला ते किती बरं वाटलं होतं. खूण केली आणि ॲल्रॉयला जाऊन महिना झाला, त्याच्या चर्चमधल्या मिस्सेसाठी रजा टाकून घरी आलो. देवा, हे सांभाळ, असं माझा हात म्हणत होता की हे एकदाचं जाऊ दे, असं म्हणत होता? मला खरंच सांगता येत नाही. हाताला विचारावं तर तो नुसती स्कूटरची मूठ आवळतो.

गिरीजला पोचलो तेव्हा लविना वाडीत केळीची सुकलेली पानं कोयत्याने उतरवत होती. ॲल्रॉय गेला तेव्हा ती सत्तावीस वर्षांची होती. ही वाडी तिने एकटीने राखली, आणि राखता राखता तिचे हात माझ्या हातांपेक्षा दणकट झाले. माझी बायको लुसी चर्चमध्ये गेली होती, घरात कुणी नव्हतं. लविनाने माझ्याकडे पाहिलं, कोयता थांबवला नाही, आणि विचारलं, "दादा, काय बोलला प्रल्हाद? येतो ना उद्या?"

मी हो म्हणू शकलो असतो. अजूनही पुष्कळ वाटा होत्या. प्रल्हाद म्हातारा झाला, त्याला आठवत नाही. कंपनीने त्याला फोडला. उद्या माझी एकट्याची साक्ष पुरेल. ही वाक्यं माझ्या तोंडात तयार होती, एकामागे एक, आणि त्यांतलं कुठलंही तिने मानलं असतं, कारण तिने अठरा वर्षं माझंच मानलं होतं. मी केळीच्या सावलीत बांधावर बसलो आणि फुलीचं सांगितलं. शिडीवर उभा राहिलो होतो तेही सांगितलं. ती पानं तोडत राहिली. एक, दोन, तीन. मग सुकलेलं संपलं तरी तिने थांबवलं नाही, हिरवी पानं उतरवायला लागली, आणि मग एका केळ्यांच्या अर्ध्या भरलेल्या लोंगराच्या दांड्यावर असा घाव घातला की अख्खा लोंगर माझ्या पायाशी येऊन आदळला. पांढरा चीक माझ्या पँटवर उडाला. मी पाय मागे घेतला नाही.

"टेप तुम्ही बघितली होती," ती म्हणाली.

हो. बघितली होती. टेप आली की ती पूर्ण बघून कुठल्या क्षणाला काय दिसतं त्याची यादी लिहायची, हे माझं काम होतं. बातमीत त्यातले आठ सेकंद दाखवले, 'दोन गटांत हाणामारी' म्हणून, आणि बाकीची टेप माझ्या टेबलावर आली. मी ती यादीसुद्धा लिहिली. लविना तेव्हापासून विचारत होती, काय होतं त्यात, आणि मी दर वेळी सांगत होतो, नको, तुला सोसणार नाही. आज ती म्हणाली, टेप तर नाही राहिली, आता तुम्हीच टेप. सुरू करा.

मग मी सुरू केलं. मला ती यादी पाठ आहे, सेकंदांसकट. शून्य मिनिटं पाच सेकंद : बावखलाचा काठ, दोन डंपर, एकाने मागचा भाग उचलला आहे, पाण्यात राडारोडा पडतो. हे बावखल आमच्या वाडीमागचं, आजोबांच्या आधीपासूनचं गोड्या पाण्याचं तळं, ते बुजवायला ठेकेदाराने माणसं आणली होती. बावीस सेकंद : आपली माणसं डंपरपुढे बसलेली, ॲल्रॉय उभा, निळा शर्ट. पन्नास सेकंद : सहा इसम, लोखंडी सळया. एक मिनिट चार : पहिला फटका ॲल्रॉयच्या डाव्या खांद्यावर. तो खाली बसतो, उठतो. बाकीचे वाडीकडे पळतात. मी सांगत गेलो आणि माझा आवाज ऑफिसातल्यासारखा झाला, कोरडा, एकसुरी, आणि मला त्याची लाज वाटत होती पण दुसऱ्या आवाजात ते बोलताच येत नव्हतं. लविना उभी होती. एक मिनिट तीसला मी थांबलो. ती म्हणाली, पुढे. मी म्हटलं, लविना, बाकीचे वाडीकडे पळाले. तो वाडीकडे नाही पळाला.

"मग?"

तो गाडीकडे पळाला. राज्यदीपची गाडी रस्त्यावर उभी होती, पिवळ्या पट्ट्याची, पणतीची. ती मीच पाठवायला लावली होती. बातम्यांच्या टेबलाशी जाऊन मी सांगितलं होतं, उद्या आमच्याकडे मारामारी होणार आहे, कारण मारामारी म्हटल्याशिवाय गाडी निघत नव्हती. आणि सकाळी ॲल्रॉयला फोन केला होता, काही झालं तर आपल्या गाडीजवळ जाऊन उभा राहा, आपली गाडी आहे, कोण हात लावतो बघू. आपली गाडी, असंच म्हणालो होतो. वाडी चाळीस पावलांवर होती, केळीत शिरला असता तर कुणाला सापडला नसता. तो उघड्यावरून नव्वद पावलं गाडीकडे पळाला. कॅमेरा गाडीच्या आत होता. ड्रायव्हर कंपनीचा, कॅमेरावाला कंपनीचा, नाव तेवढं आपलं. एक मिनिट अठ्ठावन्न : ॲल्रॉयचा चेहरा काचेशी, जवळून, कपाळावर रक्त. तो दार ओढतो. दार आतून लावलेलं आहे. कॅमेरा हलत नाही, उलट नीट जुळवून घेतात, चेहरा स्पष्ट होतो. तो काचेवर हात मारतो आणि मला हाक मारतो. मार्सेल, मार्सेल. त्याला वाटतं मी आत आहे. दोन मिनिटं बारा : मागून सळई. त्याच्या पुढचंही मी सगळं सांगितलं, चार मिनिटं अकरा सेकंद संपेपर्यंत. काही गाळलं नाही. त्या शेवटच्या दोन मिनिटांत तो जिवंत होता आणि काचेच्या या बाजूला कुणीतरी श्वास घेत होतं, तो श्वासही टेपेवर होता.

लविना रडली नाही. तिने विचारलं की हे उद्या समितीला सांगितलं तर केस राहील का. मी म्हटलं, नाही राहणार. टेप मीच घालवली हे निघालं की कंपनी सुटेल, दार न उघडणाऱ्यांवर नुसत्या माझ्या शब्दाने काही होणार नाही, आणि ठेकेदाराची माणसं तर कधीच सुटली आहेत. ती म्हणाली, "सुटू दे. तरी सगळं बोलायचं. फुलीचं, फोनचं, दाराचं. त्या प्रल्हादला बोलवायचं आणि त्याच्यासमोर बोलायचं." मी हो म्हटलं. मला वाटलं, संपलं. काहीतरी हलकं वाटायला लागलं होतं, आणि त्या हलकेपणाचीही मला घाण वाटली.

तिने कोयता केळीच्या बुंध्यात रोवला. कमरेचा पदर सोडून हात पुसले, चीक जाईपर्यंत, सावकाश. मग माझ्यासमोर येऊन उभी राहिली आणि म्हणाली, उभे राहा. मी उभा राहिलो.

"काचेवर त्याने किती वेळा हात मारला?"

"नऊ," मी म्हटलं.

थप्पड बसली तेव्हा मला आधी आवाज ऐकू आला आणि मग गाल पेटला. माझा उजवा हात आपोआप वर निघाला, कोपरापर्यंत आला, आणि मी तो डाव्या हाताने धरला. ती मागे सरली नव्हती, ओरडलीही नव्हती. तिच्या डोळ्यांत राग होता की नाही हे मला दिसेना, कारण चष्मा तिरका झाला होता. दुसरी पहिल्यापेक्षा जोरात होती. तिचे ओठ किंचित हलले, आणि ती मोजते आहे हे माझ्या लक्षात आलं.

मी चष्मा काढला, घडी करून खिशात ठेवला, आणि हात मागे घेतले.